गुलामगिरीचा माग: कोल्हापूरच्या दफ्तरापासून यल्लापूरच्या कवंदीपर्यंत

'आफ्रिकी गुलाम' असे डोक्यात धरून कोल्हापूरच्या पुराभिलेखागारात गेलात, तर हात हलवत परत याल. जुन्या मराठी कागदात हा शब्दच नाही. तिथे कुणबीण आहे, बटीक आहे, हबशी आहे, शिद्दी आहे, लेकवळा आहे. यातला प्रत्येक शब्द वेगळ्या माणसाबद्दल बोलतो, आणि काही शब्द एकाच वेळी दोन वेगळ्या गोष्टी सांगतात. त्यामुळे सुरुवात कागदापासून नको, शब्दांपासून करा.

वहीची दोन पाने घ्या. एका पानावर माणूस कुठून आला हे सांगणारे शब्द लिहा, दुसऱ्यावर त्याची स्थिती सांगणारे.

पहिल्या पानावर 'हबशी' येईल. अरबीत 'हबश' म्हणजे आजचा इथिओपिया आणि त्याच्या आसपासचा मुलूख, तिथला तो हबशी. 'शिद्दी' किंवा 'सिद्दी' हा मुळात आदराचा शब्द, अरबी 'सय्यिदी' म्हणजे 'माझे धनी' यावरून आलेला मानतात. जंजिऱ्याच्या शिद्दीच्या मुलखाला मराठी कागद 'हबसाण' म्हणतात. गोव्याच्या बाजूला 'काफ्री' भेटतो. तो पोर्तुगीजांच्या तोंडून आलेला शब्द आहे आणि बहुतेक वेळा मोझांबिककडून आणलेल्या माणसांसाठी वापरलेला असतो. दुसऱ्या पानावर गुलाम, बटीक, दासी, कुणबीण आणि लेकवळा हे शब्द लिहा. बटीक म्हणजे घरात बाळगलेली गुलाम बाई, लेकवळा म्हणजे घरच्या बटकीच्या पोटी जन्मलेले मूल.

ही दोन पाने एकमेकांत मिसळू देऊ नका. सगळ्यात जास्त चुका इथेच होतात. हबशी दिसला की गुलाम आणि गुलाम दिसला की आफ्रिकी, असे समीकरण अमेरिकेच्या इतिहासातून आपल्या डोक्यात बसलेले असते. दख्खनच्या कागदाला ते लागू पडत नाही. पेशवाईतल्या बहुसंख्य कुणबिणी इथल्याच होत्या: लढाईत धरलेल्या, दुष्काळात विकलेल्या, बदफैलीच्या आरोपावरून सरकारात जमा केलेल्या. उलट सतराव्या शतकातले कितीतरी हबशी सरदार होते, किल्लेदार होते, राज्य चालवणारे होते. एकाच कागदात दोन्ही शब्द त्याच माणसासाठी आले, तरच दोन पाने जोडायची.

'कुणबीण' हा यातला सर्वांत फसवा शब्द. गावच्या कागदात ती कुणब्याची बायको असते, सरकारी जमाखर्चात विकत घेतलेली बाई. कोणती ते ओळखायला शब्दाच्या मागेपुढे पाहा. किंमत लिहिली आहे का? 'आसामी २', 'आसामी ५' अशी मोजदाद आहे का? क्रियापद कोणते आहे? खरेदी केली, अमक्यास दिली, किल्ल्यावर पाठविली, पळाली होती ती धरून आणिली, अशी भाषा असेल तर ती बटीकच. शेजारी जमीन, सारा, बैल, नवरा, दीर यांचा उल्लेख असेल तर ती शेतकरी बाई. दोन्ही खुणा नसतील तर वहीत प्रश्नचिन्ह टाकून पुढे जा. अंदाजाने ठरवलेल्या दहा नोंदींपेक्षा प्रश्नचिन्ह असलेली एक नोंद बरी.

'गुलाम' हा शब्दही तसाच. गुलाम अली, गुलाम रसूल ही नावे आहेत, त्यांचा खरेदी-विक्रीशी संबंध नाही. पत्राच्या मायन्यात 'बंदा' किंवा 'गुलाम' म्हणवून घेणे ही नम्रता असते.

नावांवरून मात्र एक धागा मिळतो. विकत घेतलेल्या माणसाचे मूळ नाव पुसून त्याला रत्नाचे किंवा सुगंधी वस्तूचे नाव देण्याची चाल इस्लामी दरबारांत होती. याकूत म्हणजे माणिक, जौहर म्हणजे रत्न, रेहान म्हणजे सब्जासारखी सुवासिक वनस्पती, काफूर म्हणजे कापूर, अंबर हेही सुगंधी द्रव्य. इथिओपियात साधारण १५४८ साली जन्मलेला चापू नावाचा मुलगा अनेकदा विकला गेला, बगदादमार्गे दख्खनमध्ये आला आणि 'अंबर' झाला. निजामशाहीचा पेशवा चंगेजखान याने त्याला विकत घेतले होते. धनी गेल्यावर तो मोकळा झाला, आणि १६०० पासून १६२६ मध्ये मरेपर्यंत मलिक अंबर या नावाने निजामशाहीची सूत्रे त्याच्या हाती राहिली. १६१० मध्ये त्याने वसवलेली खडकी म्हणजे पुढचे औरंगाबाद. असे नाव दिसले की वहीत खूण करा, पण निकाल देऊ नका. अलाउद्दीन खिलजीचा सेनापती मलिक काफूरही विकलेला माणूस होता, पण तो गुजरातेतल्या खंबायतेकडचा, आफ्रिकेतला नव्हे.

आणि पन्हाळ्याच्या अंबरखान्याचा मलिक अंबरशी काडीचाही संबंध नाही. फारसीत 'अंबार' म्हणजे साठा. गंगा, यमुना, सरस्वती ही धान्याची कोठारे आहेत, म्हणून तो अंबरखाना. सहलीत हा गैरसमज हमखास ऐकू येतो.

तारीख लावणे

शब्दानंतर तारीख. मराठी कागदात चार-पाच कालगणना एकत्र नांदतात आणि चुकीची गणना धरली तर तुमची कुणबीण पाचशे वर्षे मागे जाऊन पडते.

शालिवाहन शकात ७८ मिळवा. पौषाच्या मध्यापासून फाल्गुन अखेरपर्यंतची तिथी असेल तर ७९. राज्याभिषेक शक १६७४ च्या जूनमध्ये सुरू झाला, म्हणून १६७३ किंवा १६७४ मिळवा. दख्खनी फसलीत, म्हणजे महसुली वर्षात, ५९० किंवा ५९१. सुहूर सन, म्हणजे मराठी सरकारी कागदांतले अरबी शब्दांचे वर्ष, मृगाला बदलतो: जूनपासून डिसेंबरपर्यंत ५९९, जानेवारीपासून मेपर्यंत ६०० मिळवा.

सुहूर सन बहुधा आकड्यात नसतो, अरबी शब्दांत असतो, आणि उलटा, म्हणजे एकंपासून सुरू होतो. इहिदे १, इसन्ने २, सलास ३, आर्बा ४, खमस ५, सीत ६, सबा ७, समान ८, तिसा ९. दहा म्हणजे अशर. पुढे अशरीन २०, सलासीन ३०, आर्बैन ४०, खमसैन ५०, सितैन ६०, सबैन ७०, समानीन ८०, तिसैन ९०. मया १००, मयातैन २००, अलफ १०००. हे कोष्टक पुठ्ठ्यावर लिहून वहीत ठेवा. पाठ करायची गरज नाही, पंधरा-वीस कागदांत आपोआप होते.

एक ओळ फोडून पाहू. ही सरावासाठी घडवलेली आहे, कोणत्याही दफ्तरातली नाही:

'छ ७ साबान सन सबा सबैन मया व अलफ. कुणबीण आसामी १, वर्षे सुमारे २०, किंमत रुपये ३५॥।'

'छ' म्हणजे चंद्र, साबान महिन्याचा सातवा चंद्र. सबा ७, सबैन ७०, मया १००, अलफ १०००, बेरीज ११७७. आता ५९९ की ६००? साबान हिजरी महिना, आणि हिजरी वर्ष दरवर्षी दहा-अकरा दिवस मागे सरकते, त्यामुळे साबान कोणत्या ऋतूत आला हे जंत्रीतच पाहावे लागते. त्या वर्षी तो सप्टेंबरात आला होता, म्हणून ५९९, आणि साल १७७६. मग ३५॥। हा आकडा. उभ्या रेघा हे विरामचिन्ह नव्हे. एक रेघ पाव, दोन अर्धा, तीन पाऊण. किंमत पस्तीस नव्हे, पावणेछत्तीस रुपये. 'सुमारे' हाही सोडू नका. वय विकणाऱ्याने अंदाजाने सांगितलेले आहे, त्या बाईने नव्हे.

या ओळीत काय नाही तेही पाहा. नाव नाही, गाव नाही, जात नाही, विकणाऱ्याचे नाव नाही. बहुतेक नोंदी अशाच असतात. म्हणून वहीत रकाने आखताना 'नोंद नाही' लिहायला जागा ठेवा. रुमालाचा (कापडात बांधलेल्या कागदांच्या गठ्ठ्याचा) क्रमांक, मूळ तारीख, इंग्रजी तारीख, मूळ शब्द जसाच्या तसा, नाव, वय, किंमत, देणारा, घेणारा, काम, शेरा, असे रकाने पुरेत. मूळ शब्दाच्या रकान्यात आपला अर्थ कधीही लिहायचा नाही. 'बटीक' असेल तर 'बटीक', 'गुलाम स्त्री' नव्हे. सहा महिन्यांनी अर्थ बदलला तर मूळ शब्दाकडे परत जाता आले पाहिजे.

दफ्तरात

थेट मोडी लिपीतल्या रुमालाला हात घालू नका. आधी छापील. गो. स. सरदेसाई यांनी संपादित केलेले पेशवे दफ्तराचे ४५ निवडक खंड १९३० नंतर निघाले. ते बाळबोधीत, म्हणजे देवनागरीत आहेत आणि मोठ्या ग्रंथालयांतून मिळतात. करवीर नगर वाचन मंदिर १८५० पासूनचे, विद्यापीठाचे खर्डेकर ग्रंथालय मोठे. दोन्हीकडे आधी विचारून घ्या. खंडाच्या शेवटच्या सूचीवर भिस्त ठेवू नका. सूची बहुधा सरदारांसाठी केलेली असते, बटकींसाठी नव्हे. जमाखर्चाची पाने एकेक करून चाळावी लागतात. शब्द अडला तर मोल्सवर्थचा कोश काढा. १८५७ च्या आवृत्तीत असे शब्द आजच्या कोशांपेक्षा जास्त सापडतात, कारण तेव्हा ते लोकांच्या तोंडात होते.

मोडी शिकायला पर्याय नाही. अक्षर ओळखणे आठवड्याभरात जमते, पण वाचायला महिने लागतात. कारण शिरोरेघ आधी सलग ओढलेली असते, शब्द सुटे नसतात आणि ऱ्हस्व-दीर्घाचा भेद पाळलेला नसतो. नवशिक्याने आधी एकाच कारकुनाच्या हाताचे वीस-तीस कागद वाचावेत. हात बसला की मग दुसरा कारकून. रोज वेगळे हस्ताक्षर घेणारा माणूस वर्षभर तिथल्या तिथेच राहतो.

पुराभिलेखागारात ओळखपत्र आणि विषय लिहिलेला अर्ज घेऊन जा. विषयाच्या जागी नुसते 'गुलामगिरी' लिहिले तर काय काढून द्यायचे हे कर्मचाऱ्यालाही कळत नाही. 'अमुक साल ते तमुक साल, किल्ल्यांचे जमाखर्च आणि खासगीकडील खर्च' असे लिहा. बटकी, कुणबिणी, शागिर्दपेशा (घरचे नोकरचाकर) यांचा खर्च तिथेच पडलेला असतो: धान्य, लुगडी, औषध. खरेदीखतापेक्षा लुगड्याच्या हिशेबातून जास्त कळते. किती जणींना वर्षाला किती लुगडी मिळाली, कोणाचे नाव पुढच्या वर्षी गायब झाले, हे तिथे दिसते. शिसपेन्सिल न्या, पेन नको. रुमालातली पुडकी ज्या क्रमाने निघाली त्याच क्रमाने परत बांधा. फोटोची परवानगी आधी विचारा.

पन्हाळा

कागदाचा कंटाळा आला की पन्हाळ्यावर जा, पण वीरगाथा बाजूला ठेवून. मार्च ते जुलै १६६० या काळात गडाला वेढा घालून बसलेला सिद्दी जौहर हा विजापूरचा हबशी सरदार, कर्नूलचा सत्ताधीश. शिवाजी महाराज निसटल्यावर पाठलागावर गेलेला सिद्दी मसूद त्याचाच माणूस. इथपर्यंत सगळ्यांना ठाऊक असते. पण वेढा फोडायला नेताजी पालकरांबरोबर आलेला सिद्दी हिलाल हाही हबशीच, आणि त्याचा मुलगा त्या झटापटीत जखमी होऊन शत्रूच्या हाती सापडला. म्हणजे पन्हाळ्याच्या पायथ्याशी दोन्ही बाजूंना आफ्रिकी वंशाचे लोक लढत होते. पोरांना गडावर नेणार असाल तर हे तिथेच, महाराज निसटले त्या राजदिंडीकडे तोंड करून सांगा. शिद्दी म्हणजे शत्रू हे समीकरण तिथल्या तिथे सुटते. राजापूरच्या वखारीतले इंग्रजही याच वेढ्यात जौहरच्या बाजूने तोफा घेऊन आले होते, आणि १६६१ मध्ये राजापूर लुटले गेले ते त्याचमुळे.

महाराजांचा विषय निघाला की १६७७ चा कौल, म्हणजे लेखी करारपत्र, पुढे येतो. कर्नाटकच्या मोहिमेत डचांना दिलेल्या या कौलात स्त्री-पुरुषांना गुलाम म्हणून विकत घ्यायला मनाई केलेली आहे. कलम अस्सल आहे, महत्त्वाचेही आहे. पण ते एका प्रदेशातल्या परदेशी व्यापाऱ्यांसाठीचे आहे. त्यावरून मराठी राज्यात गुलामगिरी नव्हती असे लिहाल, तर पुढच्या शतकातले कुणबिणींचे जमाखर्च तुम्हाला खोटे पाडतील. दोन्ही गोष्टी शेजारी शेजारी मांडा.

कायद्याची साले

इथे घाई केली की घोटाळा होतो. ब्रिटिशांनी १८०७ मध्ये बंद केला तो गुलामांचा व्यापार. गुलामी रद्द करणारा कायदा १८३३ चा, अमलात आला १८३४ मध्ये, आणि त्यातून कंपनीचा हिंदुस्थानातला मुलूख वगळलेला होता. इथे १८४३ चा पाचवा कायदा आला. त्याने गुलाम बाळगणे गुन्हा ठरवले नाही, फक्त कोर्टाने मालकाचा हक्क मानायचा नाही एवढेच सांगितले. गुन्हा ठरला तो १८६२ पासून, भारतीय दंडसंहिता लागू झाल्यावर, कलम ३७० आणि ३७१ खाली. आणि हे सगळे कंपनीच्या व नंतर राणीच्या मुलखापुरते. करवीर, म्हणजे कोल्हापूर, हे संस्थान होते. १८१२ च्या तहाने मालवण इंग्रजांकडे गेले, कोल्हापूर नाही. तेव्हा १८४३ नंतरचा कोल्हापूरचा कागद हाती आला तर 'कायद्याने बंदी असूनही' असे लिहू नका.

वेठबिगार हा वेगळा रकाना. शाहू महाराजांनी बंद केली ती वेठ, म्हणजे वतनदारीत बांधलेली फुकटची सक्तीची कामे. त्यात माणूस विकला जात नव्हता. 'गुलामगिरी' हा शब्द मराठीत जातीच्या अर्थाने रुजवला तो जोतीराव फुल्यांनी. १८७३ चे त्यांचे पुस्तक अमेरिकेत गुलामांना मुक्त करणाऱ्या लोकांना अर्पण केलेले आहे. त्यानंतरच्या कोल्हापुरी भाषणांत आणि वृत्तपत्रांत 'गुलाम' आला तर तो बहुधा या अर्थाने असतो, वहीत तसे नोंदवा.

अटलांटिकची बाजू घरबसल्या पाहता येते. 'स्लेव्ह व्हॉयेजेस' या मोफत संकेतस्थळावर अटलांटिक ओलांडणाऱ्या सुमारे ३६,००० सफरींच्या नोंदी आहेत. आत दोन वेगळी दालने आहेत, सफरींच्या नोंदी आणि एकूण अंदाज, आणि नवशिके दोन्हींचे आकडे एकाच वाक्यात घालतात. सुमारे १ कोटी २५ लाख माणसे जहाजांवर चढवली गेली आणि १ कोटी ७ लाख पलीकडे जिवंत उतरली, हा अंदाज आहे. मधले अठरा लाख समुद्रात गेले. उतरलेल्यांपैकी जवळजवळ निम्मे ब्राझीलमध्ये, आणि आजच्या अमेरिकेच्या किनाऱ्यावर चार लाखांच्या आत. हा आकडा पाहून वर्गातली मुले दचकतात, कारण सिनेमात त्यांनी उलटेच पाहिलेले असते. अरबी समुद्राचा हिशेब मात्र या आकड्यांत शोधू नका. तिथे माणसे खजूर, घोडे आणि हस्तिदंताच्या बरोबरीने थोडी थोडी आली.

सुटलेले लोकही आपल्याकडे आले. ब्रिटिश नौदलाने अरबी गलबतांवरून सोडवलेली आफ्रिकी मुले नाशिकजवळच्या शरणपूरच्या मिशनमध्ये वाढली. आफ्रिकेत फिरणाऱ्या लिव्हिंगस्टन या प्रवाशाच्या १८७३ मधल्या शेवटच्या दिवसांची नोंद ठेवणारा जेकब वेनराइट याच नाशिकचा विद्यार्थी.

जिवंत माणसांकडे जाताना

बेळगावमार्गे उत्तर कन्नडात उतरलात की हल्याळ, यल्लापूर, मुंडगोड भागात सिद्दींच्या वाड्या आहेत. हिंदू, मुसलमान, ख्रिस्ती असे तिन्ही धर्मांचे लोक त्यांच्यात आहेत. घरात बोलतात ती कोकणी मराठीच्या इतकी जवळची आहे की कोल्हापूरच्या माणसाला दुभाष्याची फारशी गरज पडत नाही. उत्तर कन्नडच्या सिद्दींना २००३ मध्ये अनुसूचित जमातीत घेतले गेले.

'तुमचे पूर्वज गुलाम होते का' हा पहिला प्रश्न नको. केस आणि रंग यांवर बोलू नका, न विचारता फोटो काढू नका. सोपी वाट गोधडीतून जाते. आपण जिला वाकळ म्हणतो तिला तिथे कवंदी म्हणतात. ती शिवणाऱ्या बाईजवळ बसा आणि टाका कुठून सुरू होतो ते पाहा. जुन्या लुगड्यांचे, शर्टांचे तुकडे ती कडेपासून लावत जाते, सुई चारी बाजूंनी फिरत फिरत आत येते आणि मध्यावर काम संपते. चार कोपऱ्यांवर दुमडलेल्या कापडाचे छोटे त्रिकोण बसवते, त्यांना फुले म्हणतात. फुलांशिवाय कवंदी उघडीनागडी दिसते असे त्यांचे म्हणणे. कोणता तुकडा कोणाच्या लुगड्याचा हे विचारले की आई, सासू, मावशी अशी नावे आपोआप निघतात. तीन पिढ्यांची वंशावळ त्या एका वाकळीत मिळते, आणि ती सांगणारी बाई स्वतः असते. वहीत तिने सांगितलेली नावे तिच्याच उच्चारात लिहा आणि निघण्याआधी एकदा वाचून दाखवा. एखादे नाव ती खोडायला सांगेल, ते तिच्यासमोरच खोडा.